रविवारच्या सुटीचा पूर्वेतिहास

रविवारची सुटी हें इंग्रजी अमलाबरोबर आपोआप आलेलें दान होय, असा समज पुष्कळ सुशिक्षितांतही आढळतो. कचेऱ्या व न्यायालयें यांच्यापुरता तो खरा असेल. गिरणीच्या भोंग्याला मात्र वार ठाऊक नव्हता. कावसजी डावरांची पहिली कापडगिरणी मुंबईंत १८५६ सालीं चालू झाली, आणि त्यानंतर जवळजवळ चौतीस वर्षें प्रौढ मजुराला आठवड्याचा विसावा हक्क म्हणून मिळाला नाहीं. १८८१ च्या फॅक्टरी अ‍ॅक्टानें सात वर्षांखालील मुलांस कामावर घेण्याची बंदी केली. सात ते बारा वर्षांच्या मुलांस नऊ तासांची मर्यादा व महिन्यास चार सुट्या दिल्या. त्यांच्या आईबापांच्या तासांविषयीं कायदा मुकाच राहिला.

१८८४ सालीं मुंबई सरकारनें ह्या प्रश्नाच्या चौकशीसाठीं कमिशन नेमलें, तेव्हां नारायण मेघाजी लोखंडे यांनीं सप्टेंबरांत परळ येथें सुपारीबागेंत मजुरांच्या सभा भरविल्या. लोखंडे हे सत्यशोधक, 'दीनबंधु' पत्राचे संपादक आणि स्वतः गिरणींत नोकरी केलेले. सुमारें ५,५०० मजुरांच्या सह्यांच्या त्या अर्जांतील मागण्या आज वाचतांना त्यांच्या साधेपणाचेंच नवल वाटतें: रविवारीं पूर्ण सुटी, दुपारीं अर्धा तास विश्रांति, साडेसहापासून सूर्यास्तापर्यंतच काम, आणि गेल्या महिन्याचा पगार पुढील महिन्याच्या पंधरा तारखेच्या आंत. (रविवार हा खंडोबाचाही वार, हें येथें विसरूं नये.) ह्यांत शेवटची मागणी आम्हांस सर्वांत दूरदृष्टीची वाटते. यंत्रांत सांपडून जखमी झालेल्यास बरा होईपर्यंत पूर्ण वेतन मिळावें व जन्माचें पंगुत्व आल्यास त्याच्या निर्वाहाची तजवीज व्हावी, असें त्या अर्जांत म्हटलें होतें. नुकसानभरपाईचा कायदा हिंदुस्थानांत झाला तो १९२३ सालीं!

लोखंड्यांच्या सभेस वर्गणी नव्हती, नियम नव्हते, म्हणून तिला संघटना म्हणूं नये, असें कांहीं इतिहासकार म्हणतात. नांवाचा हा वाद आम्हांस गौण वाटतो. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: हिंदी गिरण्यांवर निर्बंध पडावेत ही लँकेशायरच्या मालकांचीच इच्छा होती. ती होती, हें खरेंच. परंतु मँचेस्टरचा हेतु स्वार्थी ठरल्यानें परळच्या बाईचे तास कमी होत नव्हते.

ता. २४ एप्रिल १८९० रोजीं महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारें दहा हजार मजूर जमले. त्या सभेंत दोन मजूर स्त्रियांनीं भाषणें केलीं. त्या काळीं ही गोष्ट लहान नव्हे. पुढें १० जून १८९० रोजीं गिरणीमालकांच्या संघानें रविवारची सुटी मान्य केली, आणि १८९१ च्या कायद्यानें साप्ताहिक सुटीस व स्त्रियांच्या अकरा तासांच्या मर्यादेस आधार दिला.

पुरुषांचे तास मात्र मोकळेच राहिले. विजेचे दिवे आल्यावर सूर्यास्ताची मर्यादाही उरली नाहीं. कापडगिरण्यांतील पुरुषांस बारा तासांची मर्यादा घातली ती १९११ च्या कायद्यानें. लोखंडे १८९७ च्या फेब्रुवारींतच, मुंबईंतील प्लेगच्या साथींत, निवर्तले होते.