हिबाकुशा : बाँबमधून वाचलेल्यांची अस्पृश्यता

सन १९९८ ची बुद्धपौर्णिमा ११ मे रोजी, सोमवारी आली होती. सायंकाळी विहारात वंदनेची तयारी चालली होती. पताका लावून झाल्या होत्या, खिरीचे पातेले उतरायचे होते आणि पोरे माईक तपासत होती. तेवढ्यात समोरच्या चाळीतून एकजण धावत आला. म्हणाला, टीव्हीवर बातमी आहे, राजस्थानात पोखरणला आपण अणुबाँब फोडला. वंदना आटोपल्यावर खिरीबरोबर पेढेही वाटले गेले. कोणी आणले ते इथे लिहीत नाही, कारण खाल्ले आम्ही सगळ्यांनीच. आमच्यातील एक वयस्क उपासिका मात्र पेढा हातात धरून बसली. "आज भगवंताचा दिवस. आजच बरं सुचलं ह्यांना?" असे ती म्हणाली. त्यावर कोणीतरी मोठ्या कौतुकाने सांगितले, "आजी, पहिल्या बाँबला तर बुद्धाचंच नाव होतं." तिने विचारले, "बुद्धाचं? ते कशापायी?"

उत्तर कोणाजवळच नव्हते.

१८ मे १९७४ रोजी त्याच पोखरणला पहिली चाचणी झाली होती. तिला 'स्मायलिंग बुद्धा', म्हणजे 'हसरा बुद्ध', हे नाव पडले. त्या दिवशीही बुद्धपौर्णिमाच होती असे पुष्कळ ठिकाणी छापलेले आढळते. पंचांग पाहिले तर त्या वर्षीची वैशाख पौर्णिमा ६ मे लाच होऊन गेली होती आणि १८ तारखेला अमावास्या जवळ आली होती. तरी गोष्ट लोकांना आवडली आणि चिकटली. ज्या तथागताच्या पंचशीलात पहिलेच शील प्राणिहिंसेपासून दूर राहण्याचे, त्याचे नाव बाँबला देताना कोणाला काही खटकले नाही. आम्हालाही एका म्हातारीने विचारेपर्यंत खटकले नव्हते.

म्हणून पुढे आम्ही काही मंडळींनी ठरवले की, ज्यांच्या अंगावर हा बाँब खरोखर पडला त्या माणसांचे नंतर काय झाले ते जमेल तसे वाचून काढायचे. शाळेच्या पुस्तकात हिरोशिमा, नागासाकी अशी दोन नावे आणि दोन तारखा असतात. जपान शरण आला की धडा संपतो. पुढचे जे वाचायला मिळाले ते आपल्या माणसांना फारसे परके वाटणार नाही, म्हणून स्मरणिकेसाठी हा विषय घेतला आहे.

६ ऑगस्ट १९४५ रोजी सकाळी सव्वाआठ वाजता हिरोशिमावर आणि ९ ऑगस्टला सकाळी ११ वाजून २ मिनिटांनी नागासाकीवर बाँब पडला. त्या वर्षाच्या अखेरपर्यंत हिरोशिमात सुमारे १,४०,००० आणि नागासाकीत सुमारे ७०,००० माणसे मेली. वाचली त्यांना जपानी भाषेत 'हिबाकुशा' म्हणतात. स्फोटाने बाधित झालेला माणूस, असा त्याचा साधा अर्थ.

वाचलेल्यांच्या आठवणींत एक गोष्ट पुन्हा पुन्हा येते, ती पाण्याची. भाजलेली माणसे रस्त्याच्या कडेला, नदीच्या काठाला पडून पाणी पाणी करीत होती. भाजलेल्याला पाणी पाजले तर तो दगावतो, असा समज तेव्हा पसरला होता. त्यामुळे कित्येकांनी पाणी दिले नाही, आणि मागणारे तसेच तहानेने मेले. ज्यांनी दिले त्यांच्या डोळ्यांदेखत पिणारा मेला. दिले म्हणून एकाला बोच, दिले नाही म्हणून दुसऱ्याला. आग जवळ येत असताना घराच्या ढिगाऱ्याखाली अडकलेल्या आईला, भावंडांना सोडून पळावे लागले, अशांना तर ती हाक म्हातारपणीही ऐकू येई. आजही दरवर्षी ६ ऑगस्टच्या हिरोशिमाच्या कार्यक्रमात मृतांना पाणी अर्पण करतात, त्याचे कारण हे आहे.

रॉबर्ट जे लिफ्टन नावाचे अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ १९६२ मध्ये हिरोशिमात राहिले आणि त्यांनी वाचलेल्यांच्या सविस्तर मुलाखती घेतल्या. त्यांना आढळले की, समोर एवढे मरण दिसल्यावर मन जणू आपले दार लावून घेते. प्रेते दिसत असतात, पण काही वाटेनासे होते. त्या क्षणी माणूस त्यामुळे तगतो. पुढे मात्र कित्येकांचे ते दार पुरते उघडलेच नाही. जिवंत राहिलो हाच आपला अपराध, असे त्यांना वाटत राहिले. अपराध कोणाचा आणि शरमिंदे कोण!

शरीराचे दुखणेही असे की दाखवता येऊ नये. बाहेरून माणूस धडधाकट दिसे, पण चार पावले चालला की गळून जाई, कामात जीव लागत नसे. लोकांनी ह्या थकव्याला 'बुराबुरा' असे नाव दिले. कामावर मात्र ह्यालाच आळस म्हणत. काही वर्षांत रक्ताचा कर्करोग वाढला, नंतर इतर कर्करोग. सादाको सासाकी ही मुलगी बाँब पडला तेव्हा दोन वर्षांची होती. पुढे ती शाळेत जाणारी, चपळ, धावण्यात पटाईत अशी झाली, आणि १९५५ च्या ऑक्टोबरात रक्ताच्या कर्करोगाने बाराव्या वर्षी गेली. त्यामुळे घोळणा फुटला, हिरडीतून रक्त आले, अंगावर डाग उठला की घराचे धाबे दणाणत असे. दहा वर्षे बरी गेली म्हणून अकरावे बरे जाईल असा भरवसा नाही. बाँब एकदाच पडला होता, पण घरात तो रोज थोडा थोडा पडत होता.

आणि मग लग्न. जपानात सोयरीक जुळवताना घराण्याची, आजाराची, मागच्या पिढ्यांची कसून चौकशी करण्याची रीत होती. त्यात आता नवा प्रश्न आला : १९४५ साली तुमची मंडळी कुठे होती? हिरोशिमा म्हटले की स्थळ मागे फिरे. मुलीला मूल होणार नाही, झाले तर व्यंग असलेले होईल, सुनेचे दुखणे काढत बसावे लागेल, असे बोलले जाई. मासुजी इबुसे यांची 'काळा पाऊस' ही कादंबरी ह्याच विषयावर आहे. पुतणीचे लग्न अडते, म्हणून चुलता तिची रोजनिशी उतरून काढतो, की बघा, पोरगी त्या दिवशी शहरात नव्हतीच. पण स्फोटानंतर पडलेल्या काळ्या पावसात ती भिजलेली असते. १९८९ मध्ये त्यावर चित्रपटही निघाला. खरे सांगायचे तर वाचलेल्यांच्या मुलांचा अभ्यास संशोधकांनी कित्येक दशके केला, आणि आईबापांच्या किरणोत्सर्गामुळे मुलांत आनुवंशिक रोग वाढल्याचे आजवर दिसून आलेले नाही. पण स्थळ पाहायला आलेला माणूस संशोधनाचे कागद थोडेच वाचतो?

मग लोक लपवू लागले. गाव बदलले, नोकरी मागताना जन्मगाव सांगेनासे झाले, नवऱ्याने बायकोला आणि बायकोने नवऱ्याला सांगितले नाही. १९५७ मध्ये कायदा झाला व हिबाकुशांना वैद्यकीय मदतीसाठी एक पुस्तिका मिळू लागली. ती दाखवली की उपचार मिळे. पण ती घेतली की आपण कोण ते उघड होते! पुष्कळांनी मुलाबाळांची लग्ने उरकेपर्यंत ती घेतलीच नाही. हे वाचताना आम्हाला आपल्याकडचा जातीचा दाखला आठवला. सवलत हवी तर दाखला काढा, आणि दाखला काढला की ऑफिसात सगळ्यांना कळले. आडनाव बदलून शहरात राहणारी आपली माणसे काय नि जन्मगाव गिळून टाकणारी हिरोशिमाची माणसे काय, रात्रीची झोप दोघांची सारखीच असणार.

बरे, अस्पृश्यता जपानला नवी नव्हती. तिथे बुराकुमिन नावाचा समाज आहे. मेलेली जनावरे ओढणे, कातडे कमावणे ही कामे परंपरेने त्यांच्याकडे, म्हणून वस्ती वेगळी. १८७१ च्या फर्मानाने भेद कायद्यातून गेला, पण मनातून गेला नाही. १९२२ साली त्यांनी आपली संघटना उभी केली, म्हणजे बाबासाहेबांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेच्या दोन वर्षे आधी. नागासाकीचा बाँब उराकामी भागावर फुटला. तिथे बुराकुमिनांची वस्ती होती आणि पिढ्यान् पिढ्या छळ सोसलेले कॅथलिक ख्रिस्तीही तिथेच राहत. वस्ती बेचिराख झाली, उरलेली माणसे पांगली. आधीच ज्यांची सोयरीक होत नव्हती त्यांच्या कपाळी हा दुसरा शिक्का बसला. जपानच्या अमलाखालील कोरियातून आणलेले व आलेले हजारो मजूर व त्यांची कुटुंबेही दोन्ही शहरांत मेली. हिरोशिमात त्यांचे स्मारक १९७० मध्ये उभे राहिले, पण शांती उद्यानाच्या हद्दीबाहेर! ते आत यायला १९९९ साल उजाडले. मेल्यावरही वेस होतीच.

इथे एक गोष्ट लिहिताना आम्हाला जड जाते, पण झाकून ठेवणे बरे नव्हे. जपान हा बौद्ध देश, असे आपण अभिमानाने सांगतो. त्याच देशात मृताला धम्मनाम देताना कित्येक विहारांनी बुराकुमिनांना हीनपणा दाखवणारी नावे दिली, थडग्यांवर कोरली. पुढे बुराकुमिनांनी ही गोष्ट चव्हाट्यावर आणली आणि तिथल्या बौद्ध पंथांना ती कबूल करावी लागली. बुद्धाचे नाव कशालाही लावता येते, बाँबलाही आणि भेदालाही, हे आमच्या त्या उपासिकेला कळले असते तर ती काय म्हणाली असती कोण जाणे.

युद्धानंतर अमेरिकन सैन्याचा ताबा असताना बाँबच्या परिणामांविषयी छापण्यावर कडक नजर होती, त्यामुळे जपानच्याच इतर भागांत लोकांना नीट माहिती नव्हती. १९४७ पासून अमेरिकनांचे एक वैद्यकीय मंडळ हिबाकुशांना बोलावून तपासू लागले. तपासणी होई, नोंद होई, उपचार मात्र नाही. आम्ही काय प्रयोगाचे उंदीर आहोत काय, हा राग त्यातून धुमसत राहिला. तोंड फुटले ते १९५४ मध्ये. १ मार्चला अमेरिकेने बिकिनी बेटावर हायड्रोजन बाँबची चाचणी केली. तिची राख एका जपानी मासेमारी बोटीवर पडली आणि २३ खलाशी आजारी झाले. बोटीवरचा रेडिओचालक कुबोयामा सप्टेंबरात मेला. मासळी खाणारा देश हादरला. टोकियोच्या एका भागातील गृहिणींनी सह्या गोळा करायला सुरुवात केली, बघता बघता देशभर तीन कोटींवर सह्या झाल्या. त्या लाटेत हिबाकुशांना बळ आले. १० ऑगस्ट १९५६ रोजी नागासाकीत त्यांची देशव्यापी संघटना, निहोन हिदानक्यो, स्थापन झाली. व्रण झाकून घरात बसणाऱ्या बाया व्यासपीठावर येऊन नाव-गाव सांगू लागल्या. सगळ्याच आल्या असे नाही. काहींनी पन्नास वर्षांनी तोंड उघडले, काही न बोलताच गेल्या.

आता ज्यांच्यावर बाँब पडला नाही, पण ज्यांनी तो जवळ बाळगला, त्यांचे काय? अमेरिकेत १९५० नंतरच्या काळात शाळेतल्या मुलांना बाकाखाली डोके झाकून बसण्याचा सराव देत. त्यासाठी कासवाचे चित्र असलेला एक चित्रपटही काढला होता. न्यूयॉर्कच्या शाळकरी मुलांच्या गळ्यात ओळख पटावी म्हणून धातूचे बिल्ले दिले. कशाच्या वेळी ओळख पटायची, हे पोरांना न सांगता कळत होते. त्या पिढीतील कित्येकांनी पुढे सांगितले, की आपण मोठे होऊ असे लहानपणी वाटतच नव्हते. लिफ्टन यांचे म्हणणे असे की, मनाने दार लावून घेण्याचा तो प्रकार बाँब बाळगणाऱ्या समाजातही होतो. माणसे शस्त्राचे आकडे बोलतात, माणूस मरतो हे त्यांना दिसत नाही.

आमच्या पेढ्याचे कोडे इथे थोडे सुटले. आम्हाला हिरोशिमा माहीत नव्हते असे नाही. नाव माहीत होते, पण पेढा खाताना ते आठवले नाही. सतरा दिवसांनी, २८ मे ला, पाकिस्तानने चगाईत स्फोट केले, तेव्हा तिकडेही मिठाई वाटली गेली. वर्षभरात कारगिल झाले. आपल्या लेकरांनी बाकाखाली बसण्याचा सराव कधीच केला नाही, आम्ही त्यांच्याशी ह्या विषयावर कधी बोललोही नाही.

जपानमध्येच एक भिक्खू होऊन गेले, निचिदात्सु फुजीई. ते १९३१ मध्ये भारतात आले, पुढे वर्ध्याला गांधीजींना भेटले, आणि इकडे त्यांना फुजीई गुरुजी म्हणू लागले. युद्धानंतर त्यांनी शांती स्तूप बांधायला घेतले. पहिला १९५४ मध्ये जपानात कुमामोतोला झाला, राजगीरचा १९६९ मध्ये. मुंबईत वरळीला जपानी बुद्ध मंदिर आहे ते त्यांच्याच पंथाचे. आपल्यापैकी अनेकजण तिथे जाऊन आलेले आहेत, तिथला ढोल ऐकलेला आहे. आमच्या उपासिकेला आम्ही हे सांगितले तेव्हा ती म्हणाली, "मग हे नाव त्यांच्याकडंच राहू द्यायचं होतं."

ती आता नाही. २०२४ चे शांततेचे नोबेल पारितोषिक निहोन हिदानक्योला मिळाले ते तिने पाहिले नाही. २०२५ मध्ये नोंदलेल्या हिबाकुशांची संख्या प्रथमच एक लाखाच्या खाली आली, त्यांचे सरासरी वय ८६ झाले होते. १० डिसेंबर २०२४ रोजी ऑस्लोला भाषण केले ते तेरुमी तानाका यांनी. वय ९२. नागासाकीवर बाँब पडला तेव्हा ते १३ वर्षांचे होते, घरची पाच माणसे त्यांनी गमावली. जे मेले त्यांच्याबद्दल जपान सरकारने कसलीही भरपाई दिलेली नाही, हे त्यांच्या भाषणात होतेच. ते वाचून झाल्यावर तानाका लिहिलेला कागद सोडून थांबले, आणि तेच वाक्य त्यांनी पुन्हा एकदा म्हटले.