मावळातील बाजारपेठांचे बदलते स्वरूप : थांब्याचे दुकान आणि गावाचे दुकान

प्रस्तावना

पुणे जिल्ह्याच्या पश्चिम भागातील मावळ तालुक्याचा इतिहास प्रामुख्याने किल्ले, लेणी आणि लढाया यांच्या अनुषंगाने लिहिला गेला आहे. लोहगड, विसापूर, तुंग व तिकोना हे किल्ले, कार्ले, भाजे व बेडसे येथील लेणी आणि १७७९ मधील वडगावची लढाई यांविषयी विपुल लेखन उपलब्ध आहे. त्या तुलनेत येथील दुकाने व बाजारपेठा उपेक्षित राहिल्या. वस्तुतः सामान्य माणसाच्या जीवनातील बदल जितका दुकानाच्या फळीवर उमटतो, तितका तो क्वचितच अन्यत्र उमटतो. प्रस्तुत लेखात मावळ व लोणावळा परिसरातील दुकानांच्या बदलत्या स्वरूपाचा आढावा घेतला आहे. मावळात दोन प्रकारची दुकाने आढळतात. पहिले वाटसरूच्या थांब्यावर उभे राहिलेले दुकान व दुसरे गावाच्या नित्य गरजेतून निर्माण झालेले दुकान. या दोहोंचा इतिहास परस्परांपासून भिन्न आहे, हे येथे दाखवावयाचे आहे.

घाटवाट आणि प्राचीन व्यापार

कोकणातील बंदरे व देश यांना जोडणारी बोरघाटाची वाट प्राचीन आहे. कार्ले येथील चैत्यगृह वैजयंती येथील भूतपाल नावाच्या श्रेष्ठीने पूर्ण केल्याचे तेथील शिलालेखावरून समजते. धेनुकाकट येथील सिंहदत्त नावाच्या गांधिकाने, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याने, दिलेल्या दानाचीही तेथे नोंद आहे. मावळातील व्यापाऱ्यांविषयीचा हा अत्यंत जुना लेखी पुरावा होय. येथे लक्षात घेण्याजोगी बाब अशी की, हे दाते परगावचे होते. मार्ग मावळातून जात होता; परंतु त्यावरून जाणारा माल आणि त्याचे धनी बहुधा बाहेरचे होते. पुढील दोन हजार वर्षांच्या इतिहासात हे सूत्र वारंवार प्रत्ययास येते.

गावगाड्यातील दुकान

अंदर मावळ, नाणे मावळ आणि पवन मावळ या तिन्ही भागांतील गावे भातशेतीवर अवलंबून होती. बलुतेदारी पद्धतीत सुतार, लोहार, कुंभार, चांभार यांची सेवा सुगीच्या धान्यावर मिळत असल्याने रोखीच्या खरेदीस फारसा वाव नव्हता. मीठ, गूळ, तेल, कापड अशा मोजक्या वस्तूंसाठीच वाण्याकडे अथवा आठवडे बाजारात जावे लागे. वाण्याचा व्यवहारही मुख्यतः उधारीचा असे. पावसाळ्यात नेलेला माल भात झोडल्यावर फेडला जाई. त्यामुळे गावातील दुकान हे विक्रीकेंद्राबरोबरच पतपुरवठ्याचेही केंद्र होते. या व्यवस्थेत शेतकऱ्याची अडवणूक होत असे, हे नाकारता येणार नाही. तथापि हे दुकान गावाच्या ऋतुचक्राशी बांधलेले होते, हेही तितकेच खरे.

रेल्वे आणि लोणावळ्याची बाजारपेठ

१८३० मध्ये बोरघाटातून चाकांची वाहने जाऊ शकतील असा रस्ता खुला झाला. त्यानंतर ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेने १८५८ मध्ये खंडाळा ते पुणे हा लोहमार्ग सुरू केला. मात्र घाटातील मार्ग अपूर्ण असल्याने खोपोली ते खंडाळा हे अंतर प्रवाशांना पालखी, तट्टू वा गाडीने पार करावे लागे. १८६३ मध्ये घाटातील मार्ग पूर्ण झाला आणि थांब्याचे महत्त्व लोणावळ्याकडे आले.

लोणावळ्याचा शोध एल्फिन्स्टनने १८७१ मध्ये लावला, असे विधान अनेक पर्यटनपुस्तिकांत आढळते. ते टिकणारे नाही. मुंबईचे गव्हर्नर असलेल्या दोन एल्फिन्स्टनांपैकी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन १८५९ मध्ये, तर लॉर्ड जॉन एल्फिन्स्टन १८६० मध्ये निधन पावले होते. शिवाय १८७१ पूर्वीच येथून आगगाडी धावत होती. लोणावळ्याचे नगर कोणा एका साहेबाच्या शोधातून नव्हे, तर रेल्वेच्या गरजेतून घडले. १८७७ मध्ये येथे नगरपालिका स्थापन झाली. रेल्वेचा इंजिन कारखाना, रेल्वे शाळा, प्रार्थनामंदिरे आणि सहकारी भांडार यांनी हे गाव आकारास आले. ठराविक तारखेस रोख पगार घेणारा ग्राहक मावळात प्रथमच मोठ्या संख्येने निर्माण झाला. सुगीवर चालणारी उधारी आणि पगारावर चालणारी खरेदी या दोन अर्थव्यवस्था काही मैलांच्या अंतरावर एकाच वेळी नांदू लागल्या.

चिक्की : थांब्याचे अपत्य

लोणावळ्याची आजची ओळख असलेली चिक्की हे या थांब्याचेच अपत्य होय. गूळ व शेंगदाण्याची ‘गुडदाणी’ प्रथम रेल्वेच्या कामगारांना विकली जाई आणि पुढे ती बांधून गाडीतील प्रवाशांना विकली जाऊ लागली, अशी परंपरा मगनलाल चिक्कीच्या संदर्भात सांगितली जाते. घाट चढण्यासाठी गाडीस कर्जत येथे जादा इंजिन जोडावे लागे व घाटमाथ्यावर ते सोडावे लागे. या तांत्रिक विरामात दोन्ही स्थानकांवर खाद्यपदार्थांची विक्री बहरली. कर्जतचा बटाटेवडा व लोणावळ्याची चिक्की ही त्याची फळे. चिक्की टिकाऊ, बांधण्यास सुटसुटीत आणि भेट म्हणून नेण्याजोगी असल्याने ती फलाटावरून बाजारपेठेत व बाजारपेठेतून महामार्गावर पोचली.

तथापि एक विसंगती येथे नोंदवली पाहिजे. मावळचे प्रमुख पीक भात आहे. चिक्कीचा शेंगदाणा व गूळ मुख्यतः बाहेरून येतो. याउलट वडगाव मावळ येथील कृषी संशोधन केंद्राने १९८७ मध्ये प्रसारित केलेला ‘इंद्रायणी’ हा सुवासिक तांदूळ महाराष्ट्रभर नावाजला, पण लोणावळ्याच्या पाटीवर त्याला चिक्कीचे स्थान लाभले नाही. प्रवाशाच्या पिशवीतून मावळाचे नाव गेले. मावळाचे पीक मात्र क्वचितच गेले.

महामार्ग, पर्यटन आणि विस्थापित थांबा

मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग टप्प्याटप्प्याने खुला होऊन २००२ मध्ये पूर्ण झाला. सुमारे ९४ किलोमीटरच्या या मार्गामुळे जुन्या महामार्गावरील वाहनांचा मोठा ओघ गावांबाहेर वळला. प्रवासी फूड मॉलमध्ये थांबू लागला. तेथील गाळा घेण्यासाठी लागणारे भांडवल लहान दुकानदाराच्या आवाक्यातील नव्हते. खोपोली ते कुसगाव हा नवा जोडरस्ताही घाटाचा जुना भाग टाळण्यासाठीच आखलेला आहे. थांबा सरकला की दुकान सरकते, हा जुनाच नियम येथे लागू पडतो.

मद्यविक्रीच्या दुकानांबाबत हीच गोष्ट न्यायालयीन आदेशाने घडली. महामार्गापासून ५०० मीटरच्या आत मद्यविक्री करू नये, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १५ डिसेंबर २०१६ रोजी दिला. तो १ एप्रिल २०१७ पासून अमलात आल्यावर महामार्गालगतच्या परमिट रूमपुढे अस्तित्वाचा प्रश्न उभा राहिला. पुढे लहान गावांसाठी ही मर्यादा २२० मीटर करण्यात आली व नगरपालिका हद्दीस सवलत मिळाली. परिणामी नगर व खेडे यांतील दुकानांचे भवितव्य एका हद्दीच्या रेषेवर ठरले.

पर्यटनाने निर्माण केलेला तिसरा दुकानप्रकार म्हणजे टपरी. भुशी धरण परिसरात पावसाळ्यात भाजलेले कणीस, भजी व चहा विकणाऱ्या टपऱ्यांवर अनेक कुटुंबांचा हंगाम अवलंबून असे. ३० जून २०२४ रोजी भुशी परिसरातील धबधब्यात एकाच कुटुंबातील पाच जण वाहून गेले. त्यानंतर प्रशासनाने धरण परिसरातील टपऱ्या हटवल्या. सुरक्षिततेची गरज निर्विवाद आहे. परंतु ज्यांच्याकडे दुकानाची मालकी नाही, परवाना नाही आणि पर्यायी जागाही नाही, त्यांच्या दृष्टीने थांब्याचे दुकान किती अस्थिर असते, हेही या घटनेने दाखवून दिले.

गावाच्या दुकानाचे काय?

दरम्यान गावातील किराणा दुकानही बदलले. शिधावाटपाच्या रास्त भाव दुकानाने धान्याबाबतचे वाण्याचे महत्त्व कमी केले. १९७८ मध्ये सुरू झालेल्या पुणे-लोणावळा लोकलने पुण्याची बाजारपेठ जवळ आणली. तळेगाव परिसरातील औद्योगिकीकरणाने जमिनीला किंमत आली, पगारदार ग्राहक आला आणि त्यापाठोपाठ मोठी विक्रीदालने आली. तरीही मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागू होऊन पर्यटन थांबले, तेव्हा चिक्कीची व खाद्यपदार्थांची दुकाने ओस पडली आणि गावातील किराणा दुकान मात्र चालू राहिले. ओळखीवर मिळणारी उधारी हीच त्या काळात अनेक घरांची पत ठरली.

निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून असे दिसते की, मावळातील थांब्याचे दुकान मार्गाच्या बदलाबरोबर बदलत गेले. ते वैभव देते, पण स्थैर्य देत नाही. आणि त्याचा लाभ स्थानिक शेतकऱ्यापर्यंत आपोआप पोचत नाही. गावाचे दुकान अल्प नफ्याचे असले तरी संकटकाळी समाजाला आधार देते. पर्यटनविकासाचे नियोजन करताना मावळच्या तांदळास व स्थानिक विक्रेत्यांस निश्चित जागा देणे म्हणूनच आवश्यक ठरते.

इतिहासलेखनाच्या दृष्टीनेही एक निकड आहे. जुन्या दुकानांतील रोजमेळ, खतावण्या व उधारीच्या वह्या या ग्रामीण आर्थिक इतिहासाच्या अस्सल साधनांपैकी होत. दुकानाचे नूतनीकरण होताना अशी दप्तरे रद्दीत जातात. परिसरातील महाविद्यालयांच्या इतिहास, अर्थशास्त्र व वाणिज्य विभागांनी एकत्र येऊन या वह्यांची सूची करणे आणि वृद्ध दुकानदारांच्या आठवणी नोंदवून घेणे सहज शक्य आहे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या गांधिकाचे नाव दगडावर कोरले गेल्यामुळे टिकले. कालपरवाच्या वाण्याची वही कागदाची आहे, याचे भान ठेवणे अगत्याचे आहे.