चाळिशीच्या आत: एका आजाराच्या नावाची गोष्ट

१९४२ साली बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमधल्या फुलर अल्ब्राइट या डॉक्टरने सहकाऱ्यांसोबत एक निबंध प्रसिद्ध केला. त्यात अकरा रुग्णांची हकिगत होती. वय तरुण, उंची कमी, आणि पाळीचा पत्ता नाही. पण त्यांच्या शरीरात एफएसएच हे हार्मोन पाळी गेलेल्या बायकांइतकं भरपूर सापडलं. एफएसएच मेंदूखालच्या पिट्युटरी ग्रंथीतून येतं आणि अंडाशयाला कामाला लावतं. अंडाशयाने दाद दिली नाही की पिट्युटरी आणखी एफएसएच सोडत राहते. म्हणजे वरून हुकूम नीट येत होते, दोष अंडाशयातच होता. अल्ब्राइटने नाव दिलं ‘प्रायमरी ओव्हेरियन इनसफिशियन्सी’. इनसफिशियन्सी म्हणजे अपुरेपणा.

पुढे हे नाव मागे पडलं. ‘प्रीमॅच्युअर मेनोपॉज’ आणि ‘प्रीमॅच्युअर ओव्हेरियन फेल्युअर’ ही नावं रुळली. मराठीतही आपण तेच उचललं: अकाली रजोनिवृत्ती, अंडाशय निकामी होणं. निवृत्त माणूस पुन्हा कामावर येत नाही आणि निकामी वस्तू भंगारात जाते. ऐकणारीला नेमका हाच अर्थ लागतो.

माझ्या एका मैत्रिणीला एकोणतिसाव्या वर्षी डॉक्टरांनी एवढंच सांगितलं, “पाळी गेलीय. आता मूल होणार नाही.” घरी आईने बजावलं, नात्यात कुणाला कळता कामा नये. तिच्या हाडांबद्दल, हृदयाबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करते, वैद्यकाशी माझा संबंध नाही. पण तिच्यासोबत वाचत गेले तेव्हा लक्षात आलं, की ‘फेल्युअर’ या शब्दाआड दोन गोष्टी झाकल्या गेल्या होत्या.

पहिली म्हणजे, हे अंडाशय बऱ्याचदा पूर्ण बंद पडलेलं नसतं. जवळपास निम्म्या जणींमध्ये ते अधूनमधून काम करतं, मध्येच एखादी पाळीही येते. साधारण ५ ते १० टक्के जणींना उपचारांशिवाय दिवस जातात. आमच्या कामात सर्व्हर कायमचा बंद असणं आणि मधूनच प्रतिसाद देणं, हे दोन वेगळे बिघाड धरतात. उपायही वेगळे असतात. इथेही तसंच. ज्यांना मूल हवंय त्यांना थोडी आशा असते, आणि ज्यांना नकोय त्यांनी गर्भनिरोधन सोडून चालत नाही. म्हणूनच जुना शब्द परत आला. २००९ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेतल्या लॉरेन्स नेल्सन यांनी ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मधल्या लेखाला अल्ब्राइटचंच नाव दिलं. २०१६ च्या युरोपीय मार्गदर्शक सूचनांनीही ‘इनसफिशियन्सी’च स्वीकारलं.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. अंडाशयातून येणारं इस्ट्रोजेन फक्त गर्भधारणेसाठी नसतं. ते हाडं टिकवतं, रक्तवाहिन्या जपतं. पाळी गेल्यावर हाडं ठिसूळ होतात हा संबंध १९४१ साली मांडला तोही अल्ब्राइटनेच. पन्नाशीच्या आसपास इस्ट्रोजेन कमी होणं नैसर्गिक आहे. तिशीत ते आटलं तर शरीराला वीसेक वर्षं त्याच्याविना काढावी लागतात. हाडं मोडण्याचा आणि हृदयविकाराचा धोका वाढतो. म्हणून अशा स्त्रियांना साधारण पन्नाशीपर्यंत हार्मोन देण्याचा सल्ला असतो. शरीरात एरवी जे असायलाच हवं होतं, तेच भरून काढायचं.

मग बायका घाबरतात कशाला? जुलै २००२ मध्ये अमेरिकेतल्या ‘विमेन्स हेल्थ इनिशिएटिव्ह’ या अभ्यासातला एक भाग थांबवला गेला. संयुक्त हार्मोन घेणाऱ्यांत स्तनांच्या कर्करोगाचं प्रमाण वाढलेलं दिसलं होतं. पण त्या १६,६०८ स्त्रिया ५० ते ७९ वयाच्या होत्या, सरासरी वय ६३. त्यांचे निष्कर्ष तिशीतल्या मुलीला जसेच्या तसे लागू होत नाहीत. भीती मात्र सगळ्यांपर्यंत पोचली.

नावाचा असाच घोळ आपल्याकडेही आहे. गर्भाशयाला आपण ‘पिशवी’ म्हणतो. काम झालं की काढून टाकायची. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड कामगार बायकांच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये गाजला, तेव्हा नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. पाहणी केलेल्या ८२,३०९ बायकांपैकी १३,८६१ जणींची पिशवी काढलेली होती. नुसतं गर्भाशय काढलं तर पाळी थांबते, पण अंडाशय काही काळ काम करत राहतात. दोन्ही अंडाशयही काढले, तर इस्ट्रोजेन एका दिवसात तुटतं. ‘पिशवी काढली’ या दोन शब्दांतून नेमकं काय काढलं ते कळत नाही. पंचविशी-तिशीत ऑपरेशन झालेल्या बाईला ते कळायला हवं, कारण पुढे मोळ्या उचलायच्या आहेत त्या याच हाडांवर.

चाळिशीच्या आत शंभरातल्या किमान एकीला हा त्रास होतो. कधी कारण जनुकांत असतं, कधी प्रतिकारशक्तीत, कधी कर्करोगाच्या उपचारांत. बहुतेक वेळा सापडतच नाही. गर्भ नसताना पाळी तीन-चार महिने आली नाही, तर ‘टेन्शनमुळे असेल’ म्हणून सोडू नका, एफएसएचची तपासणी करून घ्या. निदान झालंच, तर मुलाच्या प्रश्नासोबत आणखी दोन प्रश्न विचारा: माझ्या हाडांची घनता कधी मोजायची, आणि हार्मोन कधीपासून सुरू करायचे? माझ्या मैत्रिणीने हे विचारले ते निदानानंतर दोन वर्षांनी. तोवर तिच्या मणक्याची घनता कमी झालेली होती.