पोहण्याच्या तलावापासून कॅमेऱ्यापर्यंत : अलानिस ओबोमसाविन

आदिवासी कलावंताने नाचावे, गावे. पण व्यवस्थेला जाब विचारू नये, अशी प्रस्थापितांची अपेक्षा असते. कॅनडातील अबेनाकी समाजाच्या गायिका आणि चित्रपटकार अलानिस ओबोमसाविन यांनी ती मोडीत काढली. हा इतिहास आपण समजून घेतला पाहिजे.

१९३२ साली जन्मलेल्या अलानिस यांचे सुरुवातीचे बालपण क्वेबेकमधील ओडानाक या अबेनाकी वस्तीत गेले. पुढे शहरातल्या शाळेत त्यांच्या वाट्याला अपमान आणि मार आला. १९६० च्या दशकात त्या गायिका म्हणून पुढे आल्या. ओडानाकजवळची नदी प्रदूषित झाली होती आणि शेजारच्या गावातील पोहण्याच्या तलावात आदिवासी मुलांना प्रवेश नव्हता. अलानिस यांनी गाण्याचे कार्यक्रम करून वस्तीच्या तलावासाठी निधी उभारला. चवदार तळ्याचा इतिहास जाणणाऱ्या आपल्याला या बंदीचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाही.

या कामावरचा टीव्ही कार्यक्रम पाहून कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाने १९६७ मध्ये त्यांना सल्लागार म्हणून बोलावले. १९७१ च्या पहिल्या चित्रपटात त्यांनी निवासी शाळेतील मुलांची चित्रे आणि त्यांचेच आवाज वापरले. १९८१ मध्ये मिगमाक समाजाच्या सामन मासेमारीवर पोलिसांनी छापे घातले. त्यावरील चित्रपटात अलानिस यांनी संबंधित मंत्र्यालाच कॅमेऱ्यासमोर धारेवर धरले.

१९९० मध्ये ओका येथे गोल्फचे मैदान वाढवण्यासाठी मोहॉक समाजाच्या दफनभूमीलगतची जमीन घेण्याचा घाट घातला गेला. ११ जुलैला पोलीस घुसले, पुढे सैन्य आले. संघर्ष ७८ दिवस चालला. अलानिस वेढ्याच्या आत राहून चित्रण करत होत्या. १९९३ च्या त्यांच्या चित्रपटाच्या नावातच '२७० वर्षांचा प्रतिकार' आहे. म्हणजे कहाणी रस्ता अडवला त्या दिवशी सुरू होत नाही. १७१७ मध्ये फ्रेंच सत्तेने ती जमीन धर्मसंस्थेला दिली, तिथपासून ती मागे जाते.

'हे एकतर्फी आहे', असा आक्षेप अशा कामावर नेहमी येतो. आमचे उत्तर साधे आहे. बातमी दंगलीच्या दिवसापासून सुरू केली की पीडितच गुन्हेगार दिसतो. सुरुवात कुठून करायची हे ठरवणे हीच सत्ता आहे.

अलानिस आधी फक्त आवाज ध्वनिमुद्रित करतात, माणसाचे पूर्ण ऐकतात. कॅमेरा नंतर येतो. मित्रहो, आज प्रत्येकाच्या हातात मोबाईल आहे. अत्याचाराचा व्हिडिओ काढण्याआधी त्या वस्तीची, त्या जमिनीची मागची पन्नास वर्षे आपण ऐकतो का?