मराठी बालचित्रपट (व्यावसायिक प्रवाहाबाहेरील)

मुलांना केंद्रस्थानी ठेवणारे, पण नाचगाणी आणि नामवंत नट यांच्या भरवशावर न चालणारे मराठी चित्रपट. परंपरा जुनी आहे: आचार्य अत्रे यांच्या 'श्यामची आई'ला (1953) पहिलेच राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. 1955 मध्ये केंद्र सरकारने मुंबईत बालचित्रपट समिती स्थापली. 2022 मध्ये ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

नव्या शतकात 'श्वास'ने (2004) वाट मोकळी केली. मंगेश हाडवळे यांच्या 'टिंग्या'त (2008) जायबंदी बैल खाटकाला विकू नये म्हणून शेतकऱ्याचा मुलगा हट्ट धरतो. बापाचाही इलाज नसतो. पेरणी तोंडावर असते. इथे खलनायक कुणीच नाही, आणि तीच या चित्रपटाची ताकद. टिंग्या साकारणाऱ्या शरद गोयेकरला सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

परेश मोकाशी यांचा 'एलिझाबेथ एकादशी' (2014) घडतो पंढरपुरात. 'एलिझाबेथ' ही राणी नव्हे, वडिलांची आठवण असलेली सायकल! ती विकली जाऊ नये म्हणून मुले कार्तिकीच्या गर्दीत दुकान थाटतात. गरिबीचे रडगाणे न गाता पैशाचा हिशेब मांडणारा असा बालचित्रपट विरळाच. सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याने मिळवला. पुढे अमर देवकर यांच्या 'म्होरक्या'नेही.

अविनाश अरुण यांच्या कोकणात घडणाऱ्या 'किल्ला'ला 2014 मध्ये बर्लिन महोत्सवात क्रिस्टल बेअर मिळाले. निवड करणारे परीक्षकही मुलेच होती.