माथेरान : पायवाटांनी राखलेले रान

मुंबईपासून रेल्वेने जेमतेम दोन तासांवर असलेल्या नेरळच्या वरच्या अंगाला, सुमारे ८०० मीटर उंचीच्या सपाट माथ्यावर, भर दुपारीही उन्हाचा कवडसा शोधावा लागेल असे दाट रान आजही उभे आहे. हे रान दुर्गम म्हणून वाचले, असे म्हणायची सोय नाही. एवढ्या मोठ्या शहराच्या इतक्या जवळ दुर्गम असे काही उरत नाही. गवर्नर, व्यापारी, पर्यटक, हॉटेलवाले असे सगळे दीडशेहून अधिक वर्षे इथे येत राहिले, तरी झाडी टिकली. याचे मुख्य कारण माथेरानच्या वाटांत आहे. या डोंगरावर माणसाची वर्दळ वाढली, पण मोटारीला गावाच्या वेशीवरच्या दस्तुरी नाक्यापुढे जाता आले नाही.

१८५० च्या मे महिन्यात ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट पायथ्याच्या चौक गावाहून वन ट्री हिलच्या बाजूने वर चढले आणि रामबागेच्या बाजूने उतरले. ‘माथेरानचा शोध’ लागला तो तेव्हा, असे सर्रास सांगितले जाते. ते पटण्यासारखे नाही. डोंगरावर धनगर, ठाकर, कातकरी आधीपासून वावरत होते. गुरांमागे, लाकूडफाट्यासाठी, बाजारहाटासाठी त्यांनी पाडलेल्या वाटा होत्या, म्हणून तर साहेबाला चढता-उतरता आले. पुढे गवर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांनी इथे वस्ती वसवायला चालना दिली, बंगले उठले, कड्यांच्या टोकांना ‘पॉइंट’ म्हणू लागले. मात्र त्या टोकांना नेणारे रस्ते घोडा, डोली आणि पायी माणूस जाईल एवढेच रुंद ठेवले गेले. १९०७ मध्ये आदमजी पीरभॉय घराण्याच्या पैशातून नेरळहून रेल्वे आली, तीही दोन फुटी रुळांची. वळणे घेत चढणारी ती गाडी बाजारपेठेपाशी थांबते. तिथून पुढे सगळे चालणेच.

वाटेच्या रुंदीला एवढे महत्त्व का, हे इथली झाडे पाहिली की कळते. माथा जांभ्या दगडाचा, वरची माती तांबडी आणि पातळ, आणि पावसाळ्याचे चार महिने तिच्यावर पाऊस नुसता कोसळत असतो. तो आधी झेलतो पानांचा मांडव: जांभूळ, हिरडा आणि अंजनी. उन्हाळ्याच्या तोंडावर अंजनीची फांदी जवळून पाहावी. पानांच्या बगलेत, थेट फांदीच्या अंगाला चिकटून निळ्या-जांभळ्या फुलांचे झुबके असतात, जणू कुणी लाकडालाच रंग लावला आहे. मांडवाखाली सावलीत वाढणारी रोपे, उतारांवर माती धरून ठेवणारी कारवी. अरुंद वाटेवर दोन्हीकडच्या झाडांचे शेंडे वरती एकमेकांना मिळतात, म्हणून वाट असूनही रान अखंड राहते. मोटाररस्त्यासाठी मात्र उतार कापावा लागतो. मांडव फाटतो, ऊन जमिनीला भिडते, आणि पहिल्याच पावसात सुटी झालेली माती दरीत जाते.

यावर कुणी म्हणेल, रान इंग्रजांच्या जंगलकायद्याने वाचवले. कायद्याचा वाटा नाकारता येत नाही. पण तोच कायदा साऱ्या ठाणे जिल्ह्याला लागू होता, तरी माथेरानभोवतालचे कित्येक डोंगर उघडे पडले. शिवाय त्या कायद्याची झळ आदिवासींना आणि शेतकऱ्यांना इतकी बसली की, मुंबई सरकारला १८८५ मध्ये तक्रारींच्या चौकशीसाठी फॉरेस्ट कमिशन नेमावे लागले. स्वतंत्र भारताने २००३ मध्ये माथेरानला पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र ठरवले. तो निर्णय मोलाचा आहे, पण तेव्हा राखण्याजोगे रान शिल्लक होते, ते चाकाला आधीपासून असलेल्या मर्यादेमुळे.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. मोटार नको म्हणताना तिचे ओझे कुणाच्या पाठीवर गेले? माणसाने माणसाला ओढण्याची हातरिक्षा इथे आपल्या काळापर्यंत चालू राहिली, आणि अखेर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला ती सहा महिन्यांत बंद करण्याचा आदेश द्यावा लागला. रानाच्या नावाखाली ही प्रथा इतकी वर्षे चालायला नको होती. वृद्धांना, आजाऱ्यांना, शाळेच्या मुलांना आणि रिक्षा ओढून पोट भरणाऱ्यांना ई-रिक्षा मिळालीच पाहिजे. घोड्यांच्या टापांनीही वाटा झिजतात, हेही खरे. पण यातून सगळ्या वाटा रुंद करा, त्यांवर पेव्हर ब्लॉक बसवा, असा निष्कर्ष निघत नाही. टणक फरसबंदीत पाणी मुरत नाही. ते कडेने वेगाने धावते आणि झाडांच्या मुळांखालची माती उपसते. दस्तुरी नाका ते बाजारपेठ हा एक मार्ग ई-रिक्षाला पुरेसा आहे. पॉइंटांकडे जाणाऱ्या वाटा, आणि भोवतालच्या वाड्यांतून डोक्यावर भाजी-दूध घेऊन येणाऱ्या बायाबापड्यांच्या चढणी, मातीच्याच राहाव्यात. त्यांची डागडुजी मात्र दर पावसाळ्यानंतर नेमाने व्हावी, आणि ते काम त्या वाड्यांतल्या लोकांनाच मजुरी देऊन सोपवावे.