व्हाइट हॉलचा धनी

महंमद अली या जगप्रसिद्ध मुष्टियोद्ध्याचे मूळचे नाव कॅशस क्ले होते, हे आमच्या वाचकांना ठाऊक असेलच. गुलामीची खूण म्हणून १९६४ साली त्याने ते टाकून दिले. परंतु ज्या गोऱ्या गृहस्थावरून त्याच्या वडिलांना ते नाव मिळाले होते, तो कॅशस मार्सेलस क्ले गुलामगिरीचा कडवा वैरी होता, ही हकीकत सहसा कोणी सांगत नाही. अमेरिकेच्या केंटकी संस्थानात रिचमंड गावाजवळ या क्लेचा 'व्हाइट हॉल' नावाचा वाडा जतन करून ठेविला आहे.

हा वाडा म्हणजे वस्तुतः एका घराच्या अंगावर चढविलेले दुसरे घर होय. आतले विटांचे घर कॅशसचा बाप ग्रीन क्ले याने १७९८-९९ साली बांधिले. हा ग्रीन क्ले केंटकीतील बड्या जमीनदारांपैकी एक, आणि अर्थात बड्या गुलामधन्यांपैकीही एक. पुढे १८६० नंतरच्या दशकात या घरास पोटात घेऊन चव्वेचाळीस दालनांची इटालियन धर्तीची हवेली उभी राहिली. छपरावरचे पावसाचे पाणी वरच्या मजल्यावरील टाकीत साठवावयाचे व तेथून नळाने न्हाणीघरात आणावयाचे, तळघरातील विस्तवाने वरची दालने उबदार ठेवावयाची, अशा सोयी त्या काळी त्या प्रांतात अपूर्वाईच्याच होत्या. मालक त्या वेळी रशियाच्या दरबारी अमेरिकेचा वकील होता; बांधकाम पार पाडिले ते त्याच्या पत्नीने, मेरी जेन हिने. मात्र १८७८ साली काडीमोड झाला तेव्हा त्या घरावर कायद्याने तिचा काडीचाही हक्क उरला नाही. तिच्या मेरी बार आणि लॉरा या दोन मुली पुढे स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत अग्रेसर झाल्या, याचे आम्हांस मुळीच नवल वाटत नाही.

कॅशसचा जन्म १८१० चा. येल येथे शिकत असता त्याने गॅरिसनचे व्याख्यान ऐकिले आणि त्याचे मन फिरले. तथापि गॅरिसनप्रमाणे तो धर्माच्या भाषेत बोलत नसे. गुलामगिरीमुळे गरीब गोऱ्याच्या मजुरीला मोल राहत नाही, कारखाने निघत नाहीत, शाळा चालत नाहीत, असा त्याचा हिशेबी युक्तिवाद असे. आणि ती उठवावयाची तीही कायद्याच्या मार्गाने, क्रमाक्रमाने. इतके सौम्य मतही केंटकीस सोसवेना. १८४५ च्या जून महिन्यात त्याने लेक्सिंग्टन शहरी 'ट्रू अमेरिकन' हे पत्र काढिले, तेव्हा कचेरीच्या दारांना लोखंडी पत्रे ठोकावे लागले आणि आत दोन पितळी तोफा मांडून ठेवाव्या लागल्या! संपादकाच्या खोलीत तोफ असलेले दुसरे वृत्तपत्र आमच्या तरी ऐकिवात नाही. ऑगस्टात तो विषमज्वराने अंथरुणास खिळलेला पाहून गावच्या साठ प्रतिष्ठितांच्या मंडळीने छापखाना उचकटला आणि सिनसिनाटीस पाठवून दिला. क्लेने पत्र तेथे छापून घेण्यास आरंभ केला, आणि त्या मंडळीवर फिर्याद लावून भरपाईही वसूल केली. १८४९ साली फॉक्सटाउन येथील सभेत त्याच्यावर सुऱ्याचे वार झाले. त्या झटापटीत त्याच्या हातून एक प्रतिपक्षी ठार झाला. १८६२ साली त्यास सेनापतिपद मिळाले, तेव्हा गुलामगिरीला हात लावावयाचा नसेल तर आपण तलवार उपसणार नाही, असे त्याने साफ बजाविले.

येथवरची कथा उजळ आहे. पण आमचे मन अडखळते ते एमिलीपाशी. १८४४ साली क्लेने आपल्या मालकीच्या गुलामांस मुक्त केले हे खरे. परंतु बापाच्या मृत्युपत्रान्वये जे विश्वस्तनिधीत अडकले होते, त्यांस सोडण्याचा अधिकार त्याला नव्हता. त्यांतलीच ही एमिली. क्लेच्या तान्ह्या मुलास विष घातल्याचा आरोप तिच्यावर आला. न्यायालयाने तिला निर्दोष ठरविले. क्लेने मात्र तिला व तिच्या आईभावंडांस दक्षिणेकडे विकून टाकिले. दक्षिणेस विकणे याचा अर्थ काय, हे त्याच्याइतके कोणास ठाऊक होते? पोटच्या पोराच्या मरणाने माणूस वेडापिसा होतो, हे आम्ही जाणतो. तरीही जो मनुष्य चारचौघांत कायद्याची थोरवी गातो, त्याला एका दासीच्या बाबतीत न्यायालयाचा निकाल पुरेसा वाटू नये, हे आमच्याने विसरवत नाही. १८७३ साली जोतीराव फुल्यांनी आपला 'गुलामगिरी' हा ग्रंथ दासांस मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांस अर्पण केला, त्या लोकांत आम्ही क्लेलाही खुशाल गणू. परंतु गणताना एमिलीचे नाव त्याच्या शेजारी लिहून ठेवू.

बेरिया येथे काळ्यागोऱ्यांस एकत्र शिकविणारी जी संस्था १८५५ साली निघाली, तिच्या संस्थापकास जमीन क्लेनेच देऊ केली होती. पुढे दोघांचे बिनसले. 'ईश्वराचा कायदा राज्याच्या कायद्याहून श्रेष्ठ' हे त्या पाद्रीबाबांचे म्हणणे क्लेला मानवले नाही. म्हातारपणी त्याचा विक्षिपपणा वाढला. चौऱ्याऐंशीव्या वर्षी त्याने पंधरा वर्षांच्या मुलीशी लग्न लाविले! आमच्याकडील जरठबालाविवाहांस हसणाऱ्या पाश्चात्यांनी हे ध्यानात ठेवावे. १९०३ च्या जुलैत व्हाइट हॉलमध्येच तो वारला. पुढील वर्षी केंटकीने कायदा करून बेरियातील एकत्र शिक्षण बंद पाडिले.

त्याच्या पश्चात घरातील सामानाचा लिलाव झाला, वाड्यात कुळे राहू लागली आणि भिंती हळूहळू ढासळत चालल्या. १९६८ साली केंटकी सरकारने तो विकत घेतला. तेथील गव्हर्नरांच्या पत्नी ब्यूला नन यांनी जीर्णोद्धाराचे काम हाती घेतले, आणि १९७१ साली वाड्याची दारे लोकांस खुली झाली. मेरी जेनने बसविलेले न्हाणीघर पाहावयास मिळते.